फोटो, कॅमेरा, एडिटिंग, हिशेब: सगळं मीच करायचं का?

पत्र

गेली नऊ वर्षं मी मिरजेत लग्नाचे फोटो काढते. सीझन नसतो तेव्हा दुसऱ्यांचे लग्नाचे व्हिडिओ एडिट करून देते. दोन वर्षांपासून घराजवळच्या तंतुवाद्य बनवणाऱ्यांच्या गल्लीत शूटिंग चालू आहे. भोपळा येण्यापासून तंबोऱ्याची जवारी लागेपर्यंतचं (म्हणजे तारा जिच्यावर टेकतात ती घोडी घासून स्वर खुलवेपर्यंतचं) सगळं टिपलंय. ३४ तासांचं फुटेज झालं आणि आता मी त्यात पुरती अडकलेय. मुलगी अडीच वर्षांची, त्यामुळे लांब कुठं जाता येत नाही. एका मैत्रिणीनं ६० हजार रुपये घातलेत, पण कागद काहीच केलेला नाही. धाकटे दीर म्हणतात, ‘वहिनी, एक काय ते ठरवा. फोटोग्राफर व्हा, नाहीतर डायरेक्टर.’ फिल्म क्लबमध्ये आन्येस वार्दाचा, शेतात राहिलेले बटाटे वेचणाऱ्यांवरचा सिनेमा बघितला. ती फोटोग्राफर होती, लिहायची, कॅमेरा धरायची, कंपनीसुद्धा चालवायची असं तिथं सांगितलं. तिला हे जमलं कसं? मी फोटोचं काम सोडू का? आणि सगळं एकटीनं करणं बरोबर आहे का?

— एक वाचक, मिरज

उत्तर

लग्नाची कामं सोडू नका. पत्र वाचताना सगळ्यात आधी हेच मनात आलं, म्हणून आधीच लिहून टाकलं. कारणं वार्दाच्याच आयुष्यात सापडतात. ‘ती सगळं स्वतःच करायची’ हे अर्धंच खरं आहे, आणि उरलेलं अर्धं तुमच्या जास्त कामाचं आहे.

आन्येस वार्दा ही फ्रेंच सिनेदिग्दर्शक. तिचा जन्म १९२८ चा, ब्रसेल्समधला. १९४० मध्ये युद्धामुळे घरच्यांना बेल्जियम सोडावं लागलं आणि ते कुटुंब दक्षिण फ्रान्समधल्या सेत या बंदरात चक्क बोटीवर राहिलं. पुढे पॅरिसला ती कलेचा इतिहास शिकली आणि फोटोग्राफीचं रीतसर प्रमाणपत्र घेतलं. झां व्हिलार या नाट्यदिग्दर्शकाच्या आव्हिन्यों महोत्सवाचे आणि नंतर पॅरिसमधल्या त्यांच्या नाट्यसंस्थेचे फोटो ती काढू लागली. संस्थेचं काम तिनं १९५१ ते १९६१ अशी दहा वर्षं केलं. पहिला सिनेमा ‘ला प्वांत कुर्त’ शूट झाला १९५४ साली. म्हणजे दिग्दर्शक झाल्यावरही सात वर्षं ती नाटकांचे फोटो काढतच होती. तुमच्या दिरांच्या भाषेत ‘एक काय ते’ तिनं कधी ठरवलंच नाही. फोटोंच्या कामातून मिळकत होती आणि त्याच कामातून सिनेमाचे नटही मिळाले. फिलिप न्वारे आणि सिल्व्हिया मोंफोर, दोघंही व्हिलार यांच्या मंडळीतले.

तुमचंही तसंच आहे. नऊ वर्षं लग्नं काढलीत म्हणजे घाईत, गर्दीत, मिळेल त्या उजेडात, एकदाच घडणारी गोष्ट पकडायची सवय हाताला लागली आहे. माहितीपट करणाऱ्याला याहून चांगली तालीम मिळत नाही. ती विकून पैसेही येतात. मग सोडायची कशाला?

एक हिशेब मात्र बांधून घ्या. प्रत्येक लग्नाच्या बिलातला दहावा हिस्सा सिनेमाच्या वेगळ्या बँक खात्यात टाका आणि घरखर्चाला त्याला हात लावू नका. रक्कम लहान वाटेल. पण सिनेमे बहुतेकदा शूटिंगला अडत नाहीत. शेवटच्या टप्प्यात, आवाजाचं मिक्सिंग, कलर आणि सबटायटल्सला पैसे उरत नाहीत म्हणून अडतात.

आता ‘एकटीनं’ या शब्दाकडे येऊ. ‘ला प्वांत कुर्त’ सेतमधल्या कोळ्यांच्या वस्तीत झाला. पैसे इतके तुटपुंजे की सहकारी तत्त्वावर काम केलं. नट आणि तंत्रज्ञ वाटेकरी झाले, मेहनताना सिनेमा कमावेल तेव्हा. शूटिंगच्या जागी संवादांचा आवाज घेणं परवडत नव्हतं, म्हणून चित्र मुकं घेतलं आणि बोलणं नंतर भरलं. त्यामुळे त्या सिनेमात नवराबायको दूर चालत गेले तरी त्यांचं बोलणं कानाशी बोलल्यासारखं जवळचं राहतं. अडचणीतून आलेली ही गोष्ट पुढे त्या सिनेमाची खूण झाली. आणि संकलन? ते वार्दानं केलंच नाही. आलँ रेने तेव्हा मुरलेले संकलक होते. ते आधी तयार नव्हते, कारण हे काम आपण स्वतः जे शोधतोय त्याच्या फार जवळचं आहे असं त्यांना वाटलं. नंतर मोबदला न घेता ते बसले. पंचविशीतल्या, आधी फारसे सिनेमेही न पाहिलेल्या मुलीनं आपला कच्चा माल दुसऱ्याच्या हातात दिला आणि त्याच्याकडून शिकून घेतलं.

पुढेही तेच. १९६२ चा ‘क्लेओ द सँक आ सेत’ घ्या: कॅमेरा झां राबिएचा, संगीत मिशेल लग्रांचं. १९७५ च्या ‘दाग्येरेओतीप’ला कॅमेऱ्यामागे न्यूरिथ अवीव्ह. वार्दानं स्वतःकडे कायम ठेवल्या त्या गोष्टी मोजक्या: कल्पना, लेखन, निवेदन, संकलनातला शेवटचा शब्द, आणि कंपनी. याला तिनं एक शब्दच घडवला, ‘सिनेक्रित्युर’, म्हणजे सिनेमानं लिहिणं. कुठली जागा, कुठली लेन्स, किती वेळ थांबायचं, कुठे तोडायचं, कुठे आवाज बंद, हे सगळं मिळून तिच्या लेखी लेखन. हात कुणाचेही असोत, लिहिणारी एकच.

तुमच्या सिनेमात वाटणी अशी करून बघा. कारखान्यातलं काम, हात, हत्यारं, गल्ली हे सगळं तुम्हीच घ्या, तुमचा डोळा तिथं रुळला आहे. पण बसवून घेतलेली मुलाखत एकटीनं घेऊ नका. एकटं माणूस फोकस बघतं, लेव्हल बघतं, पुढचा प्रश्न आठवतं आणि समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं राहून जातं. म्हातारे कारागीर हे लगेच ओळखतात आणि तोंडपाठ उत्तरं द्यायला लागतात. मुलाखतीचे तीन दिवस ठरवा, कॅमेऱ्याला लग्नातलाच एखादा सहकारी उभा करा, तुम्ही लेन्सला खेटून बसा आणि फक्त ऐका. त्याच तीन दिवसांसाठी साउंड रेकॉर्डिस्ट पैसे देऊन आणा. ६० हजारांतला सगळ्यात सत्कारणी लागणारा खर्च हा.

आवाजाबद्दल जरा जास्त लिहावं लागेल, कारण तुमचा विषयच आवाज आहे. तंबोऱ्यावरच्या सिनेमात कॅमेऱ्याच्या अंगच्या माइकवर भागवणं शक्य नाही. कॅमेऱ्याचा ऑटो गेन (आवाजाची पातळी आपोआप कमीजास्त करणारी सोय) तंबोरा वाजायला लागला की सुरुवातीचा झंकार दाबतो, मग स्वर विरत जाताना पातळी आपोआप चढवतो, आणि जी शांतता हवी तिथं पंख्याची घरघर वर येते. वेगळा रेकॉर्डर घ्या, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिट, गेन हाताने लावा. बोलण्याचे उंच ठोके उणे १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या. कॉलर माइक हनुवटीखाली एक वीतभर. त्याहून खाली गेला की लाकूड तासतानाची धूळ आणि कपड्याची खसखस जास्त येते. प्रत्येक टेकच्या सुरुवातीला आणि शेवटी एक टाळी वाजवा. लांब टेकमध्ये रेकॉर्डर आणि कॅमेरा एकमेकांपासून हळूहळू सरकतात, दोन टाळ्या असल्या की किती सरकले ते लगेच कळतं. मुलाखत घरात असेल तर पंखा आणि फ्रिज दोन्ही बंद करा आणि स्वतःच्या गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे निघताना फ्रिज सुरू करायला विसरणार नाही. निघण्याआधी सगळ्यांना गप्प करून त्या खोलीचा नुसता आवाज ३० सेकंद, जमल्यास मिनिटभर घ्या. संकलनात दोन वाक्यांच्या मधली भोकं त्यानंच बुजतात.

कारखान्यातला रेडिओ हा वेगळा त्रास. गाणं वाजत असताना घेतलेला शॉट मध्ये तोडला की गाणंही तुटतं, आणि गाण्याचे हक्क घ्यावे लागतात ते वेगळंच. दहा मिनिटं बंद ठेवा म्हणून विनंती करा. कोणी नाही म्हणत नाही.

दोन चुका जुन्या फुटेजमध्ये असण्याची शक्यता आहे, आधी तपासून घ्या. ट्यूबलाइटखाली शटर १/५० किंवा १/१०० सोडून भलतंच असेल तर चित्रात पट्टे सरकताना दिसतील, कारण आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची. आणि मोबाइलवर काढलेल्या क्लिप्सचा फ्रेम रेट बदलता असतो; तशाच टाइमलाइनवर टाकल्या तर आवाज आणि ओठ हळूहळू फाटतात. त्या आधी सरसकट २५ फ्रेम्सच्या करून घ्या.

मुलगी लहान म्हणून लांब जाता येत नाही, असं तुम्ही कमीपणाच्या सुरात लिहिलंय. ‘दाग्येरेओतीप’ची कथा नेमकी हीच आहे. १९७२ मध्ये वार्दाला मुलगा झाला आणि लांबचं शूटिंग बंद झालं. तिनं ठरवलं, घरापासून वायर पोचेल तेवढ्यातच सिनेमा करायचा. पॅरिसच्या दाग्येर रस्त्यावरच्या तिच्या घरातल्या मीटरला ८० मीटरची केबल जोडली आणि त्या टप्प्यातली दुकानं घेतली: बेकरीवाला, खाटीक, शिंपी, अत्तराचं जुनं दुकान चालवणारं म्हातारं जोडपं. पैसा जर्मन टेलिव्हिजनचा होता.

त्यात दोन युक्त्या आहेत, दोन्ही उचलण्याजोग्या. एक: ती सगळ्यांना तेच साधे प्रश्न विचारते. पॅरिसला कधी आलात, नवराबायकोची भेट कशी झाली, स्वप्नं कसली पडतात. प्रश्न सारखा असला की माणसांमधला फरक आपोआप दिसतो, निवेदनात सांगावा लागत नाही. दोन: गल्लीतल्या कॅफेत एक जादूगार प्रयोग करायला येतो, सगळे शेजारी बघायला जमतात, आणि वार्दा त्याच्या हातांचे शॉट आणि दुकानदारांच्या हातांचे शॉट आलटून पालटून लावते. पाव कापणारे, मांस तोडणारे, पैसे मोजणारे हात एकदम जादूचे वाटायला लागतात. सुटी सुटी दुकानं या एका संध्याकाळीनं बांधली जातात.

तुमच्याकडे असा धागा आयता आहे. मीरासाहेब दर्ग्याच्या उरुसातली, अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ होणारी संगीत सभा. गल्लीत जुळलेला एखादा तंबोरा त्या रात्री कुणाच्या मागे वाजणार असेल तर त्याच तंबोऱ्यामागे जा. सगळी गल्ली दाखवायचा मोह सोडा, तीन कारखाने पुरेत. गायकांची आणि साथीदारांची लेखी परवानगी कार्यक्रमाआधी घ्या, नंतर कोणी सापडत नाही.

आता ३४ तास. इथं तुम्ही अडकला आहात ते हुशारी कमी पडली म्हणून नव्हे. लग्नाच्या व्हिडिओची सवय आड येते आहे. लग्नाच्या एडिटिंगमध्ये आधी गाणं ठरतं, मग त्याच्या ठेक्यावर देखणे शॉट बसतात. इथं गाणं नाही, म्हणून हात थांबला. इथं ठेका कामाचाच धरायचा: पटाशीचा, भोपळा खरवडल्याचा, घोडीवर फिरणाऱ्या कानशीचा. स्लो मोशन तर पूर्ण काढून टाका. कारागिराच्या हाताचा वेग हीच त्याची चाळीस वर्षांची कमाई असते, ती आपण खोटी करायची नाही.

कामाला लागायची रीत सांगतो. सगळ्यात आधी तीन प्रती: दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर घरात, तिसरी घराबाहेर कुणाकडे तरी. मग रोज दोन तास फक्त बघायचं, कापायचं काही नाही. १७ दिवसांत सगळं बघून होईल. मुलीचं आजारपण वगैरे धरून महिना समजा. बघताना एक साधी शीट भरा: तारीख, कार्ड नंबर, वेळ, कोण, काय चाललंय, आवाज वापरता येईल का, आणि शेवटचा रकाना ‘अंगावर काटा आला का’. हा रकाना पहिल्यांदा बघतानाच भरायचा असतो, चौथ्यांदा बघताना डोळा निबर झालेला असतो. त्यातून पाचेक तास निवडा. बोलण्याचा भाग कागदावर उतरवा, वाक्यं कात्रीनं कापून जमिनीवर मांडा आणि आधी तिथंच सिनेमा लावून बघा. जमिनीवर दोन कागद हलवायला दहा सेकंद लागतात, टाइमलाइनवर तेच करायला अर्धा दिवस, आणि अर्धा दिवस घालवला की माणूस त्या कटाच्या प्रेमात पडतं. तासा-दीड तासाची कच्ची जोडणी झाली की ४५ मिनिटांकडे या. चुकलेले शॉट शीटमध्ये नोंदवून होईपर्यंत डिलीट करू नका. तुम्ही पाहिलेल्या त्या २००० सालच्या सिनेमात वार्दा एकदा कॅमेरा बंद करायला विसरली आणि लेन्सचं झाकण दोरीला लोंबकळत जमिनीवर नाचताना टेप झालं. ते तिनं ठेवलं आणि खाली जॅझ लावलं.

आणि तोपर्यंत शूटिंग थांबवा. हे जड जाईल. वार्दा त्या बटाट्यांच्या सिनेमाच्या वेळी थोडं शूट करायची, परत येऊन एडिट करायची, निवेदन लिहायची, मग भोक कुठे पडलंय ते बघून पुन्हा निघायची. तुम्ही दोन वर्षं नुसतं भरत गेलात. पंधरा मिनिटांचा कच्चा कट तयार होईपर्यंत एकही नवी क्लिप नको.

सांधे कसे जुळवायचे याचा सगळ्यात सुरेख नमुना ‘सां त्वा नी ल्वा’मध्ये आहे. १९८५ चा, व्हेनिसला गोल्डन लायन मिळालेला. भटक्या मुलीची ती कथा माणसामाणसांच्या तुटक साक्षींतून सांगितली जाते. ती विस्कटून गेली असती. पण मध्ये मध्ये तेरा ट्रॅकिंग शॉट आहेत. मुलगी चालते आहे, कॅमेरा उजवीकडून डावीकडे सरकतो, फ्रेंच वाचणाऱ्याच्या डोळ्यांच्या उलट दिशेने. मुलगी चौकटीबाहेर जाते, कॅमेरा पुढे सरकत एखाद्या वस्तूवर थांबतो. कितीतरी मिनिटांनी पुढचा ट्रॅकिंग शॉट सुरू होतो तो तशाच एखाद्या वस्तूपासून. प्रेक्षकाला हे मोजता येत नाही, पण जाणवतं. तुमच्याकडे ट्रॉली नको. जवारी लावतानाचा एकच लांब शॉट निवडा: घोडीवर कानस, मग तारेखाली सुताचा धागा सरकवणं, मग छेडून ऐकणं, पुन्हा कानस. तो सलग दाखवू नका. पाच-सहा तुकडे करून दर सात-आठ मिनिटांनी एक लावा. पहिल्या तुकड्यात तार बद्द वाजते, शेवटच्यात स्वर उघडतो. जवारीच्या व्याख्येचं एकही वाक्य न बोलता प्रेक्षकाचा कान तयार होईल.

तुमचे फोटोही वाया जायचे नाहीत. वार्दा क्युबातून हजारो फोटो घेऊन आली आणि त्यातल्या दीड हजारांहून जास्त फोटोंचा अर्ध्या तासाचा सिनेमा केला, ‘साल्यू ले क्युबँ’, १९६३. सरासरी एका फोटोला जेमतेम सेकंदभर. काही जागी ओळीनं घेतलेले फोटो संगीतावर इतके घट्ट लावलेत की फोटोतली माणसं नाचायला लागतात. भोपळा कापण्याचे, पडदे बांधण्याचे बर्स्टमध्ये, म्हणजे झटपट एकामागोमाग, काढलेले फोटो असतील तर २५ च्या टाइमलाइनवर प्रत्येकी ६ ते ८ फ्रेम देऊन बघा. खाली त्या कामाचा खरा आवाज.

पण फोटोंबाबत एक सावधगिरी, आणि इथून कागदपत्रं सुरू होतात. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम १७(बी) तुमच्या धंद्यातल्या फार थोड्यांना माहीत असतं. कुणी पैसे देऊन, त्याच्या सांगण्यावरून फोटो काढून घेतला, तर वेगळा करार नसल्यास पहिला मालक तो ग्राहक. लग्नाचे फोटो त्यांच्या परवानगीशिवाय सिनेमात घालता येणार नाहीत. त्याच कलमात सिनेमाही येतो. मैत्रिणीचे ६० हजार हे ‘माझ्यासाठी सिनेमा करून दे’ म्हणून दिलेले पैसे ठरले, तर उद्या मालकीवर ती हक्क सांगू शकते. मैत्री आहे तोवरच कागद करा. त्यात ही रक्कम कर्ज आहे की निर्मितीतला वाटा ते सरळ लिहा, वाटा असेल तर किती टक्के आणि खर्च वजा जाता उरलेल्यातून की एकूण मिळकतीतून तेही. निर्माती कोण, मूळ फुटेज कुणाकडे राहणार, तुम्हा दोघींपैकी कुणी मध्येच सोडलं तर काय. पुढे कुठल्या चॅनेलला किंवा संस्थेला हक्क दिलेत तर लेखी, सहीनिशी, मुदत आणि प्रदेश लिहून. मुदत लिहिली नाही तर कायदा ती पाच वर्षं धरतो आणि प्रदेश लिहिला नाही तर भारत. एकदा वकिलाच्या नजरेखालून घाला. कारागिरांच्या परवानग्या मराठीत, अर्ध्या पानात, त्यांना वाचून दाखवून.

वार्दानं हा धडा पहिल्याच सिनेमात घेतला. ‘ला प्वांत कुर्त’ फ्रान्सच्या सिनेमा केंद्राच्या परवान्यांशिवाय झाला होता, त्यामुळे तो नेहमीच्या व्यावसायिक वितरणात जाऊ शकला नाही. १९५६ मध्ये पॅरिसच्या स्तुदिओ पार्नास या लहान थिएटरात लागला. (तुमच्याही सिनेमाला सार्वजनिक खेळासाठी सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र लागेल, महोत्सवांसाठी सवलतीची वेगळी वाट आहे, ती आयोजकांना विचारा.) पण त्या सिनेमासाठी काढलेली कंपनी तिनं बंद केली नाही. ती पुढे ‘सिने-तामारिस’ झाली, त्याच दाग्येर रस्त्यावर. स्वतःचे आणि नवरा झाक देमी यांचे सिनेमे त्या कंपनीनं सांभाळले, दुरुस्त केले, डीव्हीडी काढून विकले. आज मुलगी रोझाली वार्दाचं नाव त्या कामाशी जोडलेलं आहे. वार्दाच्या सगळ्या भूमिकांमध्ये निर्मातीची भूमिका सगळ्यात कमी सांगितली जाते, आणि आमच्या मते बाकीच्या सगळ्या तिच्याच जिवावर उभ्या राहिल्या. हक्क हातात असल्यामुळेच जुनं काम पुन्हा वापरता आलं. १९५४ मध्ये काढलेल्या एका फोटोवर तिनं १९८२ मध्ये ‘युलिस’ हा लघुपट केला. १९६६ चा ‘ले क्रेआत्युर’ आपटला. २००६ मध्ये त्याच सिनेमाच्या प्रिंटच्या पट्ट्यांनी तिनं पॅरिसच्या प्रदर्शनात एक झोपडी बांधली, भिंती फिल्मच्या, आणि नाव ठेवलं ‘माझ्या अपयशाची झोपडी’. बटाटे २००३ मध्ये व्हेनिसच्या कलाप्रदर्शनात गेले: तीन पडदे, समोर जमिनीवर ७०० किलो बटाटे. वयाच्या पंचाहत्तरीत हे तिचं नवं काम सुरू झालं. नवारमुतिए बेटावरच्या विधवांवरची तिची मांडणी तर बघायलाच हवी अशी: मधोमध एक मोठा पडदा, भोवती चौदा छोटे, समोर चौदा खुर्च्या, प्रत्येक खुर्चीला हेडफोन. ज्या खुर्चीवर बसाल तिथं एकाच बाईचं बोलणं ऐकू येतं.

तुमच्याही ३४ तासांतून पुढे असं काही निघू शकेल. पण आत्ता तिकडे वळू नका. ४५ मिनिटांचा सिनेमा आधी.

फरकही सांगायला हवा, नाहीतर तुलना खोटी होईल. फ्रान्समध्ये १९५९ पासून सिनेमाला येणाऱ्या उत्पन्नावर सरकार आगाऊ रक्कम देतं, आपल्याकडे तशी सोय नाही. तरीही वार्दाला पैसे सहज कधीच मिळाले नाहीत. १९५७-५८ मध्ये तिनं पर्यटन खात्यासाठी किल्ले-महालांवर आणि समुद्रकिनाऱ्यांवर लघुपट केले, सांगून आलेलं काम म्हणून. ‘क्लेओ’ पॅरिसमध्येच आणि एका संध्याकाळीत घडतो, कारण निर्मात्याला स्वस्तातला सिनेमा हवा होता. प्रवास आणि हॉटेलचा खर्च वाचला. २०१७ चा ‘व्हिजाज व्हिलाज’ सुरू करताना तर लोकवर्गणी मागितली गेली, तेव्हा ती ९० ला टेकली होती.

दिरांचं एक म्हणणं मात्र ऐका. ग्राहकासमोर एकच ओळख ठेवा. लग्नाचा आल्बम बघायला आलेल्या माणसाला माहितीपट, एडिटिंग, लेखन असं सगळं एका कार्डावर दिसलं की त्याला वाटतं हिचं लक्ष कामात नाही. लग्नाचं कार्ड वेगळं, सिनेमाचं वेगळं. सिनेमाच्या श्रेयनामावलीतही स्वतःचं नाव सहा वेळा लावू नका. ‘लेखन-दिग्दर्शन’ असं एकदा, आणि ज्यांनी तीन दिवस माइक धरला त्यांचं नाव ठळक.

एक शूटिंग मात्र बंदीतून सूट देतो, तेही फक्त आवाजाचं. पहाटे, गल्लीत पहिली मोटारसायकल सुरू व्हायच्या आत, रेकॉर्डर घेऊन एखाद्या बंद कारखान्यासमोर दहा मिनिटं उभ्या राहा. शटर उघडल्याचा आवाज, पहिलं झाडणं, कुणीतरी रात्री उतरलेला तंबोरा लावताना पिळलेली खुंटी. मुलगी झोपेतून उठायच्या आत घरी परत येता येईल.